ठेवीदाराचा वाली कोण?

निपाणीच्या पेठेत तंबाखूच्या व्यवहारात हातोहात फिरणारी नोट उलटून पाहिली, तर पाठीवरच्या भाषापट्टीत कन्नड चौथ्या आणि मराठी आठव्या ओळीत एकच रक्कम सांगताना दिसतात. महाराष्ट्र-कर्नाटक सीमावादाने कोर्टकचेरीत समोरासमोर उभ्या केलेल्या या भाषा तेथे निर्वेधपणे नांदतात, कारण त्या कागदामागे उभी असलेली रिझर्व्ह बँक कोणा एका राज्याची नव्हे.

१ एप्रिल १९३५ रोजी भागधारकांची पेढी म्हणून स्थापन झालेली ही संस्था १ जानेवारी १९४९ रोजी राष्ट्राच्या मालकीची झाली, तेव्हा तिची सूत्रे महाडनजीकच्या नाते गावी जन्मलेल्या चिंतामणराव देशमुखांच्या हाती होती. चलनाची इभ्रत राखणे हे तिचे आद्य कर्तव्य खरे. परंतु १९३४ च्या मूळ कायद्यानेच तिच्यावर शेतीकर्जाच्या स्वतंत्र खात्याची जबाबदारी टाकली होती, आणि तिने १९५१-५२ साली करविलेल्या पाहणीत, जिच्या समितीवर अध्यक्ष गोरवालांसह अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ होते, शेतकऱ्याच्या कर्जात सहकाराचा वाटा जेमतेम ३ टक्के असल्याचे निष्पन्न झाले. सावकाराचा अंमल किती खोलवर होता, याचा तो सरकारी पंचनामाच होय.

आज सीमाभागात सहकाराची वाण नाही. वाण आहे ती निश्चितीची. विडी वळणारी बाई किंवा टपरीवाला संध्याकाळी एजंटाच्या हाती पिग्मीची, म्हणजे रोजच्या बचतीची, रक्कम ठेवतो, तेव्हा ती बँकेत गेली की पतसंस्थेत, याची त्याला क्वचितच पर्वा असते. भेद मात्र जीवघेणा आहे. १९६६ पासून सहकारी बँकांवर रिझर्व्ह बँकेची देखरेख असून २०२० पासून त्यांतील ठेवीला ५ लाख रुपयांपर्यंत विम्याचे संरक्षण आहे. पतसंस्थेच्या ठेवीला ते नाही. एकाच रस्त्यावर एक संस्था राज्याच्या सहकारी कायद्याखाली, दुसरी कर्नाटकच्या १९९७ च्या सौहार्द सहकारी कायद्याखाली, तिसरी बहुराज्य कायद्याखाली नोंदलेली असते, आणि दिवाळे वाजले की ठेवीदाराने बेळगाव, बंगळूर की दिल्लीचे दप्तर गाठावे, हे त्याला कोणी सांगत नाही.

बँक ज्याला दारात उभे करीत नाही त्याला पतसंस्था निकडीला कर्ज देते, आणि गल्लोगल्लीच्या संस्थांवर मुंबईहून नजर ठेवणे अशक्यप्राय आहे, हा आक्षेप वाजवी आहे. म्हणूनच सर्व पतसंस्था रिझर्व्ह बँकेच्या हवाली कराव्यात, असे आमचे म्हणणे नाही. प्रत्येक पासबुकाच्या पहिल्या पानावर ठेव विमा-संरक्षित आहे की नाही, हे कन्नड व मराठीत ठळकपणे छापणे सक्तीचे करावे, आणि ठरावीक मर्यादेपलीकडे ठेवी गोळा करणाऱ्या संस्थांना ठेवहमी निधीत वर्गणी भरणे अनिवार्य करावे, एवढेच आमचे मागणे आहे. महागाईचा दर ताब्यात ठेवणाऱ्या मध्यवर्ती व्यवस्थेने रुपयाची किंमत राखली, पण तो रुपया साठविणाऱ्याला वाऱ्यावर सोडले, तर तिचे काम निम्मेच झाले, असे म्हणावे लागेल.