सरेच्या अर्लचे नाव आधी का?

इंग्रजी सुनीताचा इतिहास शिकवताना सरेचा अर्ल हेन्री हॉवर्ड आपण दोन वाक्यांत आटोपतो: तीन चौकड्या व शेवटी द्विपदी हा घाट त्याने रुळवला आणि व्हर्जिलच्या ‘इनीड’च्या दोन सर्गांच्या भाषांतरातून निर्यमक पद्य इंग्रजीत आणले. नोंद खरीच, पण तीत सरदार कुठे दिसत नाही, अशी आमची तक्रार आहे.

नॉरफोकच्या ड्यूकचा हा थोरला मुलगा आठव्या हेन्रीच्या अनौरस पुत्राबरोबर विंडसरला वाढला. तो मित्र १५३६ मध्ये वारला; पुढच्याच वर्षी सरे त्याच विंडसरमध्ये कैदेत होता. मित्राच्या आठवणीची त्याची कविता त्या कैदेशी निगडित आहे. ती केवळ घाटाचा नमुना म्हणून कशी वाचावी?

१९ जानेवारी १५४७ रोजी त्याचा शिरच्छेद झाला. राजद्रोह कोणता, तर आपल्या कुलचिन्हात एडवर्ड द कन्फेसरची चिन्हे मिरवल्याचा! नऊ दिवसांनी राजाच मरण पावला. म्हणून त्याचा बाप तेवढा वाचला.

१५५७ साली रिचर्ड टॉटलने काव्यसंग्रह छापला. त्यात टॉमस वायटच्या कविता सरेच्या दुपटीहून अधिक. तरी शीर्षकपृष्ठावर नाव एकट्या सरेचे, तेही ‘लॉर्ड’ आणि ‘अर्ल’ या बिरुदांसह. वायट उरलेल्या ‘इतरां’त. राजद्रोही ठरलेल्या सरदाराची पदवी दहा वर्षांनी पुस्तकाच्या माथ्यावर शोभली, ती काव्यगुणांमुळेच असे आम्ही मानत नाही. वर्गात सुनीताआधी ते शीर्षकपृष्ठ दाखवावे.