आदेश पटला नाही तरी…



आपल्या भागातील हिंदी वृत्तपत्रे ज्याला 'अवमानना' म्हणतात, त्यालाच मराठीत न्यायालयाचा अवमान म्हणतात. हा शब्द ऐकला की पुष्कळांना वाटते, कुणीतरी न्यायाधीशांना अद्वातद्वा बोलले असणार. तोही अवमानच, पण तो फौजदारी. १९७१ च्या कायद्यात दुसरा प्रकार सांगितला आहे, तो दिवाणी अवमान. न्यायालयाचा आदेश जाणूनबुजून न पाळणे किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, हा तो गुन्हा. यासाठी तोंडातून वावगा शब्द जावा लागत नाही. नुसते स्वस्थ बसूनही तो घडतो.

यातून कोणी मोठा सुटतो असेही नाही. सर्वोच्च न्यायालयाने ४ मार्च १९९७ रोजी महाराष्ट्र व उत्तर प्रदेशातील विनापरवाना लाकूड-गिरण्या आणि प्लायवुडचे कारखाने बंद करण्याचा आदेश दिला होता. जंगले वाचावीत हा हेतू. तरीही महाराष्ट्रात काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. १० मे २००६ रोजी न्यायालयाने माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव यांना एकेक महिन्याची कैद सुनावली. नाईक त्या वेळीही राज्यात मंत्री होते.

कुणी म्हणेल, आदेश चुकीचा असला तर? तर अपील करावे, स्थगिती मागावी. मात्र अपील दाखल केले म्हणजे आदेश आपोआप थांबत नाही. स्थगिती हाती येईपर्यंत तो पाळावाच लागतो. आणि खरोखरच पाळणे अशक्य असेल, तर ते न्यायालयापुढे जाऊन सांगावे. घरी बसून ठरवू नये.

शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. दंड किरकोळ वाटेल. पण आदेश न पाळल्याने ज्याचे नुकसान होते, त्याचा विचार करा. पोटगीचा किंवा थकलेल्या पगाराचा निकाल हातात असूनही एखाद्याला दारोदार फिरावे लागते. जिंकलेल्या खटल्यासाठी त्याला पुन्हा वकील करावा लागतो, आणि अवमानाची दाद तर एका वर्षाच्या आत मागावी लागते. समोरचा बलवान नुसता वेळ काढत राहतो. म्हणून माझ्या मते आदेश पाळणे हा न्यायाधीशांचा मान राखण्याचा प्रश्न नाही, तो दुबळ्या माणसाला मिळालेला न्याय त्याच्या घरापर्यंत पोहोचवण्याचा प्रश्न आहे.

विश्वस्त मंडळींना एक नम्र सूचना. आपल्यासारख्या जुन्या संस्थांचे जागेचे, भाडेकरूंचे, नोकरीचे वाद चालत असतात. कार्यकारिणी बदलते, पण संस्थेने दिलेली हमी बदलत नाही. जुन्या मंडळाने काय लिहून दिले, हे नव्या मंडळाला ठाऊक नसले तर घोटाळा होतो. तेव्हा अशा सर्व आदेशांची व हमींची एक वेगळी नोंदवही ठेवावी आणि दरवर्षी पहिल्या सभेत ती वाचून दाखवावी.

विद्यार्थी मित्रांनो, आपल्या बाजूने लागलेला निकाल सगळेच पाळतात. विरुद्ध लागलेला निकाल जो पाळतो, तोच खरा नागरिक.

— प्राचार्य