कीड ओळखते कोण, फवारणी ठरवतो कोण?

शेतीचा विषय निघाला की आपण कार्यकर्त्या जमिनीच्या मालकीबद्दल बोलतो, मजुरीबद्दल बोलतो. बोलायलाच हवं. पण पिकावरच्या किडीचा विषय मात्र कृषी खात्याचा म्हणून सोडून देतो. मला हे पटत नाही. कीड कोणी ओळखायची, औषध कोणी ठरवायचं आणि विष कोणाच्या अंगावर पडायचं, हा सत्तेचाच प्रश्न आहे.

भोपळा, दोडका, कारलं, काकडी या वेलांचंच पाहा. बी टोचण्यापासून फळ तोडण्यापर्यंत यांना रोजचा हात बहुतेक घरांत बाईचा लागतो. साहजिकच कीडही आधी तिलाच दिसते. नुकत्याच उगवलेल्या रोपाच्या पानांना भोकं पडली, तर लाल भुंगेरे. पानं आकसली, मागून चिकट झाली, तर मावा. कोवळं फळ वाकडं होऊन सडलं, चिरल्यावर आत पांढऱ्या अळ्या निघाल्या, तर फळमाशी. गटातल्या बाया हे मला बोटावर मोजून सांगतात.

पण प्रशिक्षणाचं बोलावणं येतं ते ‘शेतकऱ्याला’, म्हणजे सातबारावर नाव असलेल्याला. दुकानात जातो तोही तोच. दुकानदार देईल ती बाटली घरी येते. फळमाशी अंडी घालते फळाच्या सालीखाली. आतल्या अळीपर्यंत वरून मारलेलं औषध सहसा पोचतच नाही. पैसे जातात, कीड राहते. शिवाय भोपळ्याची फुलं पहाटे उमलतात, नर आणि मादी फूल वेगळं असतं, फळ धरायला मधमाशी लागते. सकाळी फवारणी केली तर मधमाशाच मरतात. हे रोज फुलं पाहणाऱ्या बाईला कोणी विचारलं का?

पंप पुरुषाच्या पाठीवर असला तरी पाणी ती आणते, औषध कालवायला ती उभी राहते, विषाने भिजलेले कपडे ती धुते. 2017 साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवरच्या फवारणीने विषबाधा होऊन अनेक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो रुग्णालयात गेले. बाटलीवरचा लाल त्रिकोण सगळ्यात जहाल विषाचा, मग पिवळा, निळा, हिरवा, एवढं तरी प्रत्येक गटात सांगितलं गेलंच पाहिजे.

बिनविषारी उपाय आहेत. लाल भुंगेरे सकाळी थंडीने सुस्त असतात, तेव्हा वेचून साबणाच्या पाण्यात टाकता येतात. पीक निघाल्यावर जमीन खोल नांगरली की मातीतले कोष उघडे पडतात. माव्यासाठी निंबोळी अर्क: अर्धा किलो निंबोळीच्या गराची भुकटी रात्रभर पाण्यात भिजवायची, गाळायची, थोडं साबणाचं पाणी घालून सगळं मिळून दहा लिटर करायचं आणि संध्याकाळी फवारायचं. फळमाशीसाठी किडलेली फळं रोज गोळा करून खोल पुरायची, कारण अळ्या मातीत उतरून तिथेच कोष करतात. नर माशांसाठी क्यू-ल्यूरचे सापळे लावायचे. हे एकट्या घराने करून भागत नाही. शेजारच्या वाडीत सडकी फळं पडून राहिली तर माशी परत येणारच. म्हणूनच हे गटाचं काम आहे.

पण मैत्रिणींनो, इथेच सावध राहायला हवं. ‘विषमुक्त शेती’चा गौरव करताना भुंगेरे वेचणार कोण, निंबोळ्या गोळा करणार आणि कुटणार कोण, हे कोणी बोलत नाही. बाटलीचा खर्च वहीत लिहिला जातो, बाईचे दोन तास लिहिले जात नाहीत. विष गेलं आणि बिनमोलाचं काम वाढलं, तर याला मी तिचा विजय म्हणणार नाही.

म्हणून माझा आग्रह असा: प्रशिक्षणाचं बोलावणं सातबारा न पाहता शेतात राबणारीला मिळावं. फवारायचं की नाही, हे ठरवताना तिचा शब्द धरला जावा. वेचण्या-पुरण्याचं काम घरातल्या पुरुषांनीही करावं, त्याचे तास हिशेबात यावेत आणि भाजीच्या पैशात तिचा वाटा असावा. पुढच्या बैठकीत प्रत्येकीने एक किडलेलं फळ घेऊन यावं. ते चिरूनच चर्चेला सुरुवात करू.