खेळातून बाहेर पडण्याची रीत

विद्यालयाच्या स्मरणिकेत व्हिडिओ गेमविषयी लेख पाहून काही वाचकांना नवल वाटेल. धम्म, शिक्षण, बाबासाहेबांचे विचार आणि संस्थेची वाटचाल हे स्मरणिकेचे नेहमीचे विषय. परंतु केळापूर तालुक्यातील कोणत्याही गावी सायंकाळी बुद्धविहाराच्या ओट्यावर चार मुले बसलेली दिसली, तर त्यांच्या माना बहुधा एकाच मोबाइलवर झुकलेल्या असतात. पांढरकवड्याच्या बसस्थानकावरही हेच चित्र आहे. जी वस्तू आपल्या मुलामुलींच्या हातात रोज आहे, तिच्याविषयी समाजाने केवळ 'खेळू नका' एवढेच म्हणून मोकळे व्हावे, हे आम्हांस पुरेसे वाटत नाही. खेळ सुरू कसा करावा, हे मुलांना कोणी शिकवावे लागत नाही. तो नीट थांबवावा कसा, हे मात्र कोणीच शिकवत नाही. आमचे म्हणणे असे की, बाहेर पडण्याची रीत हा शिक्षणाचाच भाग आहे आणि तो आपण शिकवला पाहिजे.

प्रथम यंत्राची बाजू पाहू. संगणकाला वा मोबाइलला दोन प्रकारच्या स्मृती असतात. एक चालू कामापुरती. तिला रॅम म्हणतात. वीज तुटली की ती पुसली जाते. दुसरी टिकाऊ, हार्ड डिस्क, मेमरी कार्ड किंवा मोबाइलमधील साठवण ही त्या प्रकारची. खेळणाऱ्याने जे मिळवले ते आधी पहिल्या स्मृतीत असते. खेळ ते ठरावीक टप्प्यावर, किंवा खेळणाऱ्याने सांगितल्यावर, दुसऱ्या स्मृतीत लिहितो. फळ्यावर सोडवलेले गणित आणि वहीत उतरवलेले गणित यांत जो फरक, तोच येथे आहे. फळा पुसला की पहिले गेले, वहीतले राहिले.

खेळ अचानक तोडला असता तीन गोष्टी होऊ शकतात. एक, शेवटच्या नोंदीनंतरचे सर्व जाते. दोन, नोंद लिहिणे चालू असतानाच तोडले, तर ती अर्धवट राहते आणि पुढच्या वेळी खेळ ती वाचू शकत नाही. मग केवळ आजचेच नव्हे, तर महिन्याभराचेही जाऊ शकते. तीन, खेळ इंटरनेटवर दुसऱ्यांबरोबर चालू असेल, तर आपले सोबती मध्येच उघडे पडतात. असे वारंवार सोडून जाणाऱ्यास अनेक खेळ काही काळ बाहेर ठेवतात किंवा त्याचे गुण कापतात.

यात एक भेद ध्यानी घेण्यासारखा आहे. केवळ खेळाचा प्रोग्राम जबरीने बंद केला, तर त्याने आधीच यंत्रणेच्या स्वाधीन केलेला मजकूर बहुधा डिस्कवर लिहिला जातो. पण वीजच तोडली, तर तोही हवेत विरतो. म्हणून बटण दाबून वा प्लग उपटून यंत्र बंद करणे हे प्रोग्राम बंद करण्याहून अधिक धोक्याचे. विंडोजमधील एनटीएफएससारखी व्यवस्था फाइलींची मांडणी सावरून घेते. परंतु जे लिहिलेच गेले नाही, ते तीही आणू शकत नाही. दुसरीकडे, 'एकदा असे बंद केले की संगणक जळतो' ही समजूतही खरी नव्हे. सहसा यंत्राला काही होत नाही. जाते ते आपले काम. भीती दाखवून शिकवलेले टिकत नाही. कारण सांगून शिकवलेले टिकते.

ही अडचण नवी नाही. १९८७ साली अमेरिकेत 'द लेजंड ऑफ झेल्डा' हा निन्टेन्डोचा खेळ आला, तेव्हा त्याच्या कॅसेटमध्ये नोंद टिकवण्यासाठी छोटी बॅटरी बसवलेली होती. यंत्र बंद करताना रिसेटचे बटण दाबून धरा, नाहीतर नोंद बिघडू शकेल, अशी सूचना खेळणाऱ्यास दिली जात असे. पुढे विंडोज ९५ च्या काळात, यंत्रणा आपले काम आवरून झाल्यावर 'आता संगणक बंद करण्यास हरकत नाही' अशा अर्थाचा संदेश पडद्यावर आणत असे, आणि मगच बटण दाबायचे. २००१ पासून एमएस-सीआयटीच्या वर्गांत बसलेल्या अनेक माजी विद्यार्थ्यांना 'आधी शटडाउन, मग बटण' हा धडा आठवत असेल. आज यंत्रे शहाणी झाली. तो धडा मात्र विसरला गेला.

विदर्भातील वाचकाला हे समजावून सांगण्यास फार शब्द लागू नयेत. भारनियमनाची वर्षे आपण सोसली आहेत. पिठाच्या चक्कीवाल्याला विचारावे. तो चक्की बंद करताना आधी वरून पडणारे धान्य थांबवतो, आतले पीठ बाहेर येऊ देतो आणि मग मोटर बंद करतो. दळण चालू असताना लाइट गेली, की पुन्हा चक्की सुरू करताना त्याची दमछाक होते. त्याला कोणी संगणकशास्त्र शिकवले नाही. पण काम आवरून थांबणे त्याला कळते.

तेव्हा मुलांना सांगावयाची रीत अशी. संगणकावर खेळताना आधी खेळ थांबवावा, मग 'जतन करा' म्हणावे. नोंद होत असल्याची खूण पडद्यावर फिरत असेल, तर ती नाहीशी होईपर्यंत हात लावू नये. त्यानंतर मुख्य पानावर यावे, तेथून खेळ बंद करावा, आणि शेवटी यंत्रणेच्या शटडाउनमधून संगणक बंद करावा. मोबाइलवर खेळताना आधी खेळातूनच बाहेर यावे. मग ॲप सरकवून टाकले तरी चालेल. बॅटरी अगदी संपत आली असता खेळत राहू नये. पेन ड्राइव्ह वा मेमरी कार्ड काम चालू असताना उपटू नये. खेळ अडकलाच, तर दोन मिनिटे वाट पाहावी. मग ऑल्ट आणि एफ-४, त्यानेही न भागल्यास कंट्रोल, शिफ्ट व एस्केप दाबून टास्क मॅनेजरमधून तो बंद करावा. बटण दाबून धरणे हा अखेरचा उपाय, पहिला नव्हे. मोलाच्या नोंदीची एक प्रत दुसरीकडे ठेवावी, आणि इंटरनेटवरच्या खेळात पाहुणा म्हणून न खेळता पालकांच्या माहितीने खाते नोंदवावे.

शेवटच्या सूचनेचे महत्त्व देशाने पाहिले आहे. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र शासनाने ११८ ॲपवर बंदी घातली. त्यांत पबजी मोबाइल होता. ३० ऑक्टोबरला त्याची भारतातील सेवा थांबली. पुढे जुलै २०२१ मध्ये त्याच धर्तीचा बीजीएमआय आला, तेव्हा ज्यांची खाती रीतसर नोंदलेली होती, त्यांना आपली जुनी कमाई नव्या खेळात आणता आली. दार अचानक बंद झाले, तरी ज्याची नोंद होती त्याचे काही उरले.

'जतन' हा शब्द आमच्यासारख्या इतिहासाच्या विद्यार्थ्यास थांबवून ठेवतो. ज्या समाजाच्या नोंदी शतकानुशतके कोणी ठेवल्या नाहीत, त्याला या शब्दाचे मोल कोणी वेगळे सांगावयास नको. बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणानंतर त्यांची कितीतरी हस्तलिखिते वर्षानुवर्षे अप्रकाशित पडून होती. महाराष्ट्र शासनाने समिती नेमली आणि १९७९ पासून वसंत मून यांच्या संपादनाखाली त्यांच्या लेखन व भाषणांचे खंड निघू लागले. १९८७ मध्ये आलेल्या तिसऱ्या खंडात कित्येक प्रकरणे अपूर्ण आहेत, काहींची पानेच मिळाली नाहीत. ती वाचताना मन हळहळते. खेळातील गुण आणि महामानवाचे लेखन यांची तुलना करण्याचा आमचा हेतू नाही. परंतु जो विद्यार्थी आज खेळाची नोंद नीट ठेवून उठतो, तोच उद्या प्रकल्प, शिष्यवृत्तीचा अर्ज आणि आपल्या गावाचा इतिहास जतन करील. सवय एकच असते.

आता माणसाची बाजू. खेळ जबरीने तोडणारी केवळ वीज नसते. मुलगा डावात गुंतलेला असतो, वडील शेतातून थकून येतात, आणि त्याच्या हातातून मोबाइल हिसकावून घेतात. त्यांचा संताप आम्हांस समजतो. कापसाच्या भावावर आणि पावसावर ज्यांचे घर चालते, त्यांना पोरगा तासन्‌तास पडद्याला चिकटलेला पाहवत नाही. पण हिसकावण्याने काय साधते? डाव तुटतो, सोबती चिडतात, मुलगा पेटून उठतो. आणि दुसऱ्या दिवशी तो शेताच्या बांधावर लपून खेळतो. आज्ञा पाळली जात नाही, फक्त आडोसा शोधला जातो.

त्याऐवजी पालकांनी एक साधा नियम करून पाहावा : वेळ मिनिटांत न मोजता डावांत मोजावी. पबजीसारख्या खेळाचा एक डाव सुमारे अर्ध्या तासाचा असतो. जेवायला पंधरा मिनिटे उरली असतील, तर नवा डाव सुरूच करू द्यायचा नाही. चालू असलेला मात्र पुरा होऊ द्यायचा. 'बंद कर' असे ओरडण्याआधी 'किती उरला?' असे विचारावे. डाव संपल्यावर मोबाइल मुलानेच आपल्या हाताने आणून द्यावा. काही खेळांना शेवटच नसतो. ते तसेच रचलेले असतात. तेथे थांबण्याची जागा आधीच ठरवून बसावे लागते. सोणाला तथागतांनी वीणेचा दृष्टान्त दिला होता : तार फार ताणली तरी सूर बिघडतो, सैल सोडली तरी बिघडतो. घरातील मोबाइललाही तोच नियम लागू आहे.

काही वाचक म्हणतील, हा तर खेळाला परवाना झाला. तसे नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये स्वीकारलेल्या आणि २०२२ पासून लागू झालेल्या रोगवर्गीकरणात गेमिंगच्या विकाराची नोंद आहे. खेळावरचा ताबा सुटणे, इतर सर्व गोष्टींहून त्याला अधिक महत्त्व देणे आणि हानी होऊनही खेळत राहणे ही त्याची लक्षणे. प्रत्येक खेळणारे मूल रोगी नसते. पण ज्याला थांबताच येत नाही, त्याला ओरडा नव्हे, डॉक्टर हवा. ठरलेल्या जागी थांबता येते की नाही, ही पालकांच्या हातातली पहिली परीक्षा आहे. रोज हिसकावूनच घेणाऱ्या घरात ही परीक्षा कधी होतच नाही.

एका प्रकारच्या खेळाला मात्र यातील कोणतीही सवलत लागू नाही. पैसे लावून खेळायच्या खेळातून 'हा डाव संपवून' बाहेर पडता येत नाही. हरलेला माणूस पुढच्या डावात सर्व भरून काढायला बसतो. सिगालोवाद सुत्तात बुद्धांनी संपत्तिनाशाचे सहा मार्ग सांगितले, त्यांत जुगाराचे व्यसन आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायदा करून असे ऑनलाइन खेळ चालवण्यास आणि त्यांच्या जाहिरातींना बंदी केली. तरी चोरवाटा राहतातच. तेथे बाहेर पडण्याची रीत एकच : त्याच क्षणी थांबावे आणि घरच्या वा शाळेतल्या विश्वासाच्या माणसास सांगावे. आणि सांगणाऱ्यास घराने मारू नये. मार बसणार हे ठाऊक असलेला मुलगा सांगत नाही, कर्ज काढतो.

आपल्या निवासी विद्यालयांसाठी या निमित्ताने तीन सूचना कराव्याशा वाटतात. संगणक कक्षाच्या दारावर, 'चप्पल बाहेर काढा' या पाटीशेजारी, संगणक बंद करण्याच्या पायऱ्या मराठीत लिहाव्यात आणि पहिल्या तासालाच त्या करवून घ्याव्यात. यूपीएसची मिळणारी काही मिनिटे काम जतन करण्यासाठी असतात, काम पुढे रेटण्यासाठी नव्हेत, हे मुलांना सांगावे. आणि उन्हाळ्याच्या सुटीत दिवसभर खेळलेले मूल जूनअखेर वसतिगृहात एकदम मोबाइलविना येऊन पडते, तेव्हा त्याची चिडचिड होणारच. म्हणून सुटीच्या शेवटच्या आठवड्यात पालकांनी खेळ डावाडावाने कमी करत आणावा. माजी विद्यार्थ्यांपैकी जे संगणकाच्या क्षेत्रात आहेत, त्यांनी वर्षातून एक दिवस येऊन हे समजावले, तर ते दानाहून कमी ठरणार नाही.

शिस्त म्हणजे दुसऱ्याने बटण दाबणे नव्हे. वेळ झाली हे ओळखून, हातचे जतन करून, सोबत्यांना सांगून स्वतः उठता येणे, हीच शिस्त. ती आपल्या लेकरांना यावी, ही मंगल कामना.

नमो बुद्धाय! जय भीम!