अंदाजपत्रकाची कोरी पाटी

वर्षारंभी विद्यार्थी मंडळाचे अंदाजपत्रक करण्याचा प्रसंग आला, की आपण काय करतो? गतवर्षीची वही उघडतो, तेच आकडे उतरवून घेतो आणि महागाईच्या नावाने त्यांत थोडी भर घालतो. अर्ध्या तासात काम आटोपते. परंतु याला अंदाजपत्रक म्हणावे की नक्कल, असा प्रश्न आम्हांस यंदा पडला.

निमित्त लहानसेच होते. शाळेला स्वतःचे सभागृह लाभून चार वर्षे लोटली, तरी स्नेहसंमेलनाच्या खर्चात 'मंडप-भाडे' ही रक्कम पूर्ववत होती. मंडप येत नव्हता. रक्कम मात्र कमानी आणि रोषणाई यांवर खर्ची पडत होती. त्याच सभेत वाचनालयाने फाटक्या पुस्तकांच्या बांधणीसाठी केलेली मागणी 'तरतूद नाही' म्हणून नाकारली गेली. त्या वेळी संमतीचा हात वर करणाऱ्यांत आम्हीही होतो, हे कबूल केले पाहिजे.

मोठमोठ्या संस्थांतही हेच घडते. त्यावर अमेरिकेतील टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स या कंपनीतील पीटर पिहर यांनी एक उपाय योजला व १९७० साली लेख लिहून तो जगापुढे मांडला. त्यास शून्याधारित अंदाजपत्रक म्हणतात. गतवर्षी किती मिळाले, हा येथे आधारच नव्हे. प्रत्येक खात्याने पाटी कोरी करून सांगावयाचे : हे काम कशासाठी? न केल्यास काय बिघडेल? अन्य मार्गाने स्वस्तात होईल काय? कमी पैशांत किती साधेल? मग सर्व कामांचा महत्त्वानुसार क्रम लावावयाचा आणि पैसे पुरतील तेथपर्यंत मंजुरी द्यावयाची. जिमी कार्टर यांनी ही पद्धती प्रथम जॉर्जिया राज्यात आणि १९७७ साली राष्ट्राध्यक्ष झाल्यावर अमेरिकेच्या केंद्र सरकारात आणली. महाराष्ट्र शासनानेही १९८६ साली तिचा अवलंब केला.

तिच्यात दोष नाहीत असे नव्हे. दरवर्षी सर्वच खर्चांची उलटतपासणी करू गेल्यास कागदांचे ढीग साचतात. रेगन सरकारने १९८१ साली ती सोडून दिली. शिवाय, ज्याला बोलता येते त्याचेच काम वरच्या क्रमांकावर जाण्याचे भय असते. गरीब विद्यार्थ्याच्या फीची मदत सभेत उभी राहून भाषण करीत नाही. तिची बाजू इतरांनीच मांडावी लागते.

म्हणून आमची सूचना माफक आहे. दरवर्षी एकतृतीयांश बाबी शून्यापासून तपासाव्यात. तीन वर्षांत सारी वही तपासून होईल. आपल्यासारख्या, महाराष्ट्राबाहेरील मराठी शाळेस हे अधिकच अगत्याचे आहे. येथील पुष्कळसा पैसा पालकांच्या वर्गणीतून येतो, आणि वर्गणी देणाऱ्या घरांची संख्या वाढत नाही.

आरंभ आम्ही याच अंकापासून केला. हा अंक न काढल्यास काय बिघडेल? आमच्या मराठी लेखनाला छापील जागा म्हणून येथे हीच एक आहे. ती गेली तर आम्ही मराठी केवळ परीक्षेपुरती लिहू. अंकाचे समर्थन असे सहज झाले. रंगीत मुखपृष्ठाचे मात्र करता आले नाही. म्हणून यंदाचे मुखपृष्ठ साधे आहे, आणि त्यातून वाचलेली रक्कम पुस्तकांच्या बांधणीसाठी वाचनालयाकडे गेली आहे.