खिडकी लावून घे!

दुसऱ्या जगात जायची सोय फॅन्टसीवाल्यांनी आपल्याला भरपूर करून दिलीय. सी. एस. लुईसच्या नार्नियात कपाटातले कोट बाजूला सारले की पलीकडे बर्फ. हॅरी पॉटरला रेल्वे स्टेशनातला एक खांब पुरतो. व्हिसा नाही, इमिग्रेशनची रांग नाही आणि परत आल्यावर बिलही नाही!

मला म्हणूनच फिलिप पुलमन जास्त आवडतो. या ब्रिटिश लेखकाच्या ‘हिज डार्क मटेरिअल्स’ या तीन पुस्तकांत (१९९५ ते २०००) जगं जोडायचं एक भन्नाट तंत्र आहे, आणि त्याचं बिल येतं. चांगलं घसघशीत येतं. (पुढे शेवट फोडणार आहे. पुस्तकं वाचायची असतील तर इथेच पान उलटा, नंतर तक्रार चालणार नाही.)

तंत्र म्हणजे काय, तर एक सुरी. चित्तागात्से नावाच्या शहरातल्या पंडितांनी तीनेकशे वर्षांपूर्वी बनवलेली. तिची एक धार कुठलीही वस्तू कापते, आणि दुसरी चक्क हवा! विल हा शाळकरी मुलगा ती चालवायला शिकतो, तेव्हा डाव्या हाताची दोन बोटं आधीच गमावून बसलेला असतो. सगळं लक्ष टोकावर आणायचं, हवेतली बारीकशी फट चाचपडायची, सापडली की सुरी ओढायची. झाली खिडकी तयार! काम संपलं की कडा चिमटीत धरून मिटवायची. पण मन भलतीकडे गेलं की खेळ खलास. ऐन वेळी विलला आईची आठवण येते आणि सुरीचे तुकडे होतात. एका कानाला फोन लावून दुसरीकडे एक्सेल भरणाऱ्या तुमच्या-माझ्यासारख्यांनी या सुरीच्या वाटेला जाऊच नये.

आता एवढी पॉवर हातात आल्यावर त्या शहरानं काय केलं? चोऱ्या! स्वतः काही पिकवायचं नाही, घडवायचं नाही, शेजारच्या जगातून उचलून आणायचं. आणि खिडक्या तशाच उघड्या टाकायच्या. त्यांना कळलंच नाही, की प्रत्येक नव्या खिडकीबरोबर एक पिशाच्च जन्माला येतंय. ही पिशाच्चं मोठ्या माणसांचं मन खातात. माणूस मरत नाही हं! तो उभा असतो, श्वास घेतो, फक्त त्याला कशातच रस उरत नाही. (सोमवारी सकाळच्या मीटिंगमध्ये असे चेहरे बघितलेत ना?) शिवाय उघड्या खिडक्यांतून ‘डस्ट’ गळत राहते. डस्ट म्हणजे आपल्या घरातली धूळ नव्हे. जाणीव, कुतूहल, प्रेम, हे सगळं ज्याच्यामुळे आहे ते.

मला हे फार खरं वाटतं. आपल्या खिशात अशीच एक सुरी आहे. ऑफिसात बसून शाळेच्या ग्रुपवर, घरी आई पानात वाढत असताना बॉसच्या मेलवर, गोव्याच्या बीचवर दुसऱ्या कुणाच्या तरी बालीच्या फोटोंत. खिडकी उघडण्यात गैर काहीच नाही, पुलमनही तसं म्हणत नाही. विल आणि लायरा भेटतात तेच मुळी एका खिडकीमुळे. प्रश्न ती लावून घ्यायचा आहे. गळती तिथून होते.

शेवटी दोघं प्रेमात पडतात आणि तेव्हाच बिल हातात येतं. परक्या जगात माणूस दहाएक वर्षांवर टिकत नाही, आतून झिजत जातो. विलच्या बाबांचं तेच होत असतं. विल म्हणतो, मी तुझ्या जगात येतो. लायरा म्हणते, मी तुझ्या. दोघंही एकमेकांना नाही म्हणतात. मग कळतं, की सगळ्या जगांत मिळून फक्त एक खिडकी उघडी ठेवता येईल. तेवढी गळती भरून निघू शकते. एक! म्हणजे त्यांना पुरेशी. पण मेलेल्यांना त्यांच्या अंधाऱ्या जगातून बाहेर पडायलाही एकच वाट लागणार असते. दोघं ती त्यांना देऊन टाकतात. बाकीच्या बंद. लायराचा विचार मनात आणून विल सुरी कायमची मोडतो.

टेक्नॉलॉजीनं काय काय करता येतं, हे सांगणाऱ्या गोष्टी पुष्कळ आहेत. हातात असलेली गोष्ट, स्वतःला हवी असतानाही, दुसऱ्यासाठी सोडता येते, हे सांगणारी विरळाच.

मग उरतं काय? एक बाक. ऑक्सफर्डच्या बोटॅनिक गार्डनमधला. दोघांच्याही जगात हे गार्डन आहे, बाकही आहे. दर वर्षी मिडसमर डेला, दुपारी बारा वाजता, तासभर आपापल्या जगात त्या बाकावर बसायचं. दिसणार नाही, ऐकू येणार नाही. फक्त दुसरंही तिथे आहे, एवढं माहीत असणार. आपल्या जगातल्या ऑक्सफर्डमध्येही हे गार्डन आहे आणि वाचक तिथे जाऊन तो बाक शोधतात.

परदेशातल्या मित्राला दिवसभर फॉरवर्ड पाठवण्यापेक्षा अशी एक ठरलेली वेळ मला जास्त जवळची वाटते. आणि हो, मिडसमर डे म्हणजे २४ जून. इंग्लंडमध्ये बारा, म्हणजे आपल्याकडे साडेचार. बरोब्बर चहाची वेळ. फोन ड्रॉवरमध्ये टाका, समोर जो असेल त्याच्याबरोबर चहा घ्या.