मौन म्हणजे शील नव्हे

दहावीचा निकाल लागला, की कोकण विभाग राज्यात अग्रेसर म्हणून आपण पेढे वाटतो. पण त्याच दहावीतल्या मुलाला स्वतःच्या शरीरात काय घडते आहे हे कुणी सांगितले, असे विचारले तर घरात, शाळेत आणि चर्चमध्ये सारखीच शांतता पसरते. या शांततेला आपण ‘संस्कार’ म्हणतो!

र. धों. कर्व्यांना संततिनियमनाच्या प्रचारापायी १९२५ साली मुंबईच्या विल्सन कॉलेजातील प्राध्यापकपद सोडावे लागले. ते कॉलेज ख्रिस्ती मिशनचे होते, हे आपण विसरू नये. पुढे ‘समाजस्वास्थ्य’ मासिकातील प्रश्नोत्तरांवरून त्यांच्यावर खटला झाला, तेव्हा १९३४ साली डॉ. आंबेडकरांनी त्यांचे वकीलपत्र घेतले. कर्व्यांची सर्व मते आम्हांला मान्य नाहीत. परंतु अज्ञानाला पावित्र्य समजू नये, एवढे तरी त्यांच्याकडून शिकायला हरकत नव्हती. शिकलो मात्र नाही. २००७ साली शाळांतील लैंगिक शिक्षणाला विधिमंडळात कडाडून विरोध झाला आणि तो कार्यक्रम थांबला.

याला धर्माचा आधार शोधणाऱ्यांनी ध्यानात घ्यावे, की मुलांना वयानुरूप, विधायक व सुजाण लैंगिक शिक्षण मिळावे, असे दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ सालीच म्हटले आहे. आम्ही धर्मगुरू मात्र या विषयावर प्रथम तोंड उघडतो ते विवाहपूर्व शिबिरात! तोवर दहा वर्षे उलटलेली असतात. वडील बोटीवर किंवा आखातात, आई घर आणि बाजार सांभाळते आहे, आणि मुलाचा गुरू झाला आहे त्याच्या हातातला मोबाईल. मित्र ‘पुरुषार्थ’ सिद्ध करायला डिवचतात. मुलीकडे फोटो मागितला जातो, मग त्याच फोटोची धमकी. ती सांगणार कुणाला?

ज्या मुलाला अवयवांची नावे उच्चारायचीही लाज शिकवली, ते अत्याचाराची तक्रार कोणत्या शब्दांत करील? अत्याचारी शेजारी असेल, नातलग असेल. झगा घातलेला धर्मगुरूही असू शकतो, हे जगभरच्या ख्रिस्तसभेने लाजेने कबूल केले आहे. २०१२ चा पॉक्सो कायदा अठरा वर्षांखालील मुलांना संरक्षण देतो, १०९८ हा क्रमांकही आहे. पण मुक्या मुलाला दोन्ही निरुपयोगी.

म्हणून आमची मागणी साधी आहे. दृढीकरणाच्या तयारीतच आईवडिलांसह मुलांना बसवावे, जाणत्या डॉक्टरांना बोलवावे आणि प्रश्न विचारू द्यावेत. देवाने जे निर्माण करताना लाज बाळगली नाही, ते समजावून सांगताना आपण का बाळगावी?